मेहुण्यांची पाठ

लेकीला जुळं झालं त्या वर्षीची ही गोष्ट. त्या दिवशीचीच म्हटली तरी चालेल.

मिस्त्री एका पांढऱ्या गाडीच्या दारावरून शेवटचं फडकं फिरवत होता, तेवढ्यात त्याच्या खिशातला फोन वाजला. पलीकडे बायको होती. तिचं हसणं आणि रडणं एकात एक मिसळून गेलं होतं, त्यामुळे त्याला आधी काहीच उमगेना.

"अगं, नीट बोल. काय झालं?"

"दोन!"

"दोन काय?"

"दोन मुली हो! लेक सुखरूप आहे. एक तुमच्या रंगावर गेलीय. दुसरीचं नशीब चांगलं आहे."

मिस्त्री एवढ्या मोठ्यानं हसला की शेजारच्या गाळ्यातला सीटवाला तोंडात दोरा धरून बाहेर आला. तो गाड्यांच्या सीटा शिवायचा. बातमी ऐकून त्यानं दोरा काढला आणि म्हणाला, "मिस्त्री, गुडघे सांभाळा आता. दोघींना एकदमच घोडा लागणार."

फोन ठेवता ठेवता बायको म्हणाली, "आणि हे बघा, दादाला सांगा. आधी त्याला सांगा, मग गावाला."

"सांगतो गं बाई, सांगतो."

हा दादा म्हणजे तिचं कासव. लग्न होऊन ती या घरात आली तेव्हा एका हातात ट्रंक आणि दुसऱ्या हातात हे कासव होतं. ती परकर नेसून खेळायची तेव्हा तिच्या वडिलांनी ते आणलं होतं. तिला भावंड नव्हतं, म्हणून तो दादा झाला. आणि तिचा दादा म्हणून मिस्त्रीनं पहिल्याच दिवशी त्याला मेहुणे करून टाकलं. "लोकांचे मेहुणे चार दिवस राहून जातात," तो म्हणायचा, "आमचे आले ते आलेच." पुढे तिचे आईवडील गेले, घर विकलं गेलं. माहेर म्हणून म्हणावं असं तिच्याकडे हे एवढंच उरलं, एका ताटलीएवढं, गडद तपकिरी पाठीवर पिवळ्या रेषा असलेलं.

नवऱ्याला नावानं हाक मारायची तिला सवय नव्हती आणि "अहो" म्हणून दरवेळी ओरडायचाही कंटाळा. म्हणून ती सगळं दादालाच सांगायची. "दादा, ह्यांना सांग, चहा निवतोय." "दादा, विचार ह्यांना, आज आंघोळीचा बेत आहे की नाही." मिस्त्रीही तिथूनच उत्तर द्यायचा, "मेहुणे, तुमच्या बहिणीला म्हणावं, आलोच." असा दोघांचा संसार त्या तिसऱ्याच्या पाठीवरून इकडून तिकडे चालायचा.

पुढे पत्र्याची शेड, मागे दोन खोल्या. मिस्त्री पोचे काढायचा आणि रंग द्यायचा. ठोकरलेली गाडी त्याच्या हाताखालून गेली की मार कुठे बसला होता हे मालकालाही दाखवता येत नसे. उन्हाळ्यात मेहुणे शेडमधल्या गाड्यांच्या सावलीत जाऊन बसत. म्हणून घरात एक नियम होता. गाडी सुरू करण्याआधी बायको दारात उकिडवी बसून खाली बघायची आणि मग पत्र्याच्या दारावर बोटांनी दोन थापा मारायची. दोन थापा पडल्याशिवाय मिस्त्री किल्ली फिरवत नसे. ती लेकीकडे गेल्यापासून तो स्वतः वाकून बघायचा. गुडघे कुरकुरायचे, पण बघायचा.

त्या दिवशी पांढऱ्या गाडीचा मालक फाटकात उभा होता. मिस्त्रीच्या डोक्यात दोन नाती नाचत होत्या. तो गाडीत बसला, किल्ली फिरवली, गाडी मागे घेतली. वाळकी फळी मोडावी तसा आवाज आला.

चाक पूर्ण वर चढलं नव्हतं. कडेनं चेपून त्यानं मेहुण्यांना बाजूला ढकललं होतं. उजवीकडे मागच्या बाजूला, कडेपासून पाठीच्या मध्यापर्यंत भेग गेली होती आणि एक अख्खा खवला आत बसला होता. रक्त थोडंसंच होतं. डोकं, पाय सगळं आत. मिस्त्री शेडच्या मातीत मांडी घालून बसला. मालकाला सीटवाल्यानंच वाटेला लावलं.

बऱ्याच वेळानं मेहुण्यांनी डोकं बाहेर काढलं आणि मिस्त्रीकडे बघितलं. त्याच्या जिवात जीव आला.

"जनावरांच्या डॉक्टरकडे न्यायचं का?" सीटवाल्यानं विचारलं.

"डॉक्टर काय करणार? कुत्र्यामांजरांची डॉक्टर ती." मिस्त्री भेगेवरून अंगठा फिरवत होता. "वरचं टणकच फुटलंय. नखासारखं असतं हे. आतला जीव शाबूत आहे, बघ, बघतोय कसा."

"काकूंना कळवताय ना?"

"वेडा आहेस का? दोन तान्ह्या पोरी आणि बाळंतीण टाकून ती धावत येईल. ती येईपर्यंत मी नीट करतो."

त्यात बायकोची काळजी होती हे खरंच. भीतीही होती. दोन्ही इतक्या जवळजवळ होत्या की त्यालाही वेगळ्या करता आल्या नसत्या.

मग तो जे आयुष्यभर करत आला तेच त्यानं केलं. ओल्या फडक्यानं जखम पुसली. पोचा ओढायच्या रबरी वाट्या होत्या, त्यांतली सगळ्यात लहान चिकटवून आत बसलेला खवला हलकेच वर घेतला. भेगेत पुट्टी भरली. पुट्टी वाळताना तापते, हे त्याला ठाऊक होतं. त्यानं वर हात धरून वारा घातला. रंग वाळवायचा दिवा लावला. मग घासकाम. आधी जाड कागद, मग बारीक. तो घासत असताना मेहुण्यांचा मागचा पाय त्याच्या तळहाताला पुन्हा पुन्हा रेटत होता.

"काय मेहुणे, गुदगुल्या होतात का?" मिस्त्री म्हणाला.

रंग जुळवायला दुसरा दिवस गेला. तपकिरी एक सोडून तीन वेळा मिसळावा लागला. पिवळ्या रेषा त्यानं सगळ्यात बारीक कुंचल्यानं, श्वास धरून ओढल्या. सीटवाल्यानं मेहुण्यांना उन्हात धरून चहूबाजूंनी फिरवून पाहिलं.

"मिस्त्री, फुटलं कुठे होतं ते आता तुम्हीच दाखवा."

मिस्त्रीला हसू आवरलं नाही. अपघात झाला हे वाईटच, पण काम झक्क झालं होतं. संध्याकाळी त्यानं मेहुण्यांना ओट्यावर ठेवलं आणि राहिलेली बातमी सांगितली, "मामा झालात. दोनदा."

बायको दिवसाआड फोन करायची. नातींचं सगळं सांगून झालं की ठरलेला प्रश्न यायचा.

"दादा कसा आहे?"

"मजेत."

"जेवतो ना?"

"जेवतो की. माझ्यापेक्षा जास्त."

पहिले काही दिवस ते खोटं नव्हतं. मग काकडीच्या चकत्या तशाच सुकू लागल्या. पाला वाळू लागला. मेहुणे गाडीखाली जायचे सोडून भिंतीच्या कोपऱ्यात तोंड घालून बसू लागले. चालले तर उजवा मागचा पाय ओढत चालत. मिस्त्रीला वाटलं, बहिणीची आठवण येत असेल. तसं वाटणं सोयीचं होतं. त्यानं काकडी बारीक किसून पाहिली, बोटावर घेऊन तोंडाशी धरली, आणि फोनवर "मजेत" म्हणत राहिला.

पावसाळा ओसरल्यावर बायको आली. पिशव्या दारातच टाकून तिनं दादाला मांडीवर घेतलं. चहासुद्धा मागितला नाही. "वाळलास रे," ती म्हणाली, "ह्यांनी जेवायला घातलं नाही वाटतं," आणि बोलता बोलता तिचा हात त्याच्या पाठीवरून फिरू लागला. तो हात रोजच तसा फिरत आलेला होता, न बघता, बाई आपल्याच बांगड्यांवरून फिरवते तसा.

हात एका जागी थांबला. मागे गेला. पुन्हा तिथेच येऊन थांबला.

कासवाच्या प्रत्येक खवल्यावर एकात एक अशी बारीक कडी असतात. बोटाला ती खरखरीत लागतात. लहानपणी वडिलांनी तिचं बोट धरून ती कडी तिला दाखवली होती. या एका खवल्यावर एकही कडं नव्हतं. तो काचेसारखा गुळगुळीत होता. मिस्त्रीनं रंग जुळवला होता, रेषा जुळवल्या होत्या. पण तो गाड्या घासणारा माणूस. गुळगुळीत म्हणजेच नीट, एवढंच त्याच्या हाताला माहीत होतं.

तिनं बोटं नाकाशी नेली.

"दादा," ती हळू म्हणाली, "विचार ह्यांना. काय झालं म्हणून."

मिस्त्रीनं सगळं सांगितलं. फोन, पांढरी गाडी, मातीत बसलेला तो, पुट्टी. सांगताना तो तिच्याकडे न बघता कासवाकडेच बघत होता.

"खाली बघितलं नाहीत?"

"त्या दिवशी नाही बघितलं. जुळं झाल्याचं कळलं आणि..."

"आणि मला मजेत म्हणून सांगत होतात."

"तू तिकडे बाळंतीण सोडून..."

"चला," ती उठली. "डॉक्टर कुठे बसते?"

डॉक्टरीणबाई वयानं त्यांच्या लेकीएवढीच होती. आधी एका कुत्र्याचं चाललं होतं, तेवढा वेळ दोघं बाकावर बसून राहिली. मग तिनं मेहुण्यांना टेबलावर घेतलं, नखानं खवल्यावर टकटक केलं आणि भुवया जवळ आणल्या.

"हे काय भरलंय?"

"पुट्टी," मिस्त्री म्हणाला.

"कसली पुट्टी?"

"गाडीची."

ती ओरडली असती तर त्याला बरं वाटलं असतं. ती ओरडली नाही. तिनं दुसऱ्या एका डॉक्टरला फोन लावला, बराच वेळ नुसतं "हं, हं" म्हणत ऐकलं, मग खुर्ची ओढून समोर बसली.

"काका, हे कवच म्हणजे त्यानं पांघरलेलं काही नसतं. वर पातळ नखासारखा थर असतो, पण त्याखाली हाड असतं. जिवंत हाड. पाठीचा कणा आणि बरगड्या मिळूनच ते झालेलं असतं. कासव कवचात राहत नाही. कवच म्हणजे कासवच."

"मग तिथं..." मिस्त्री म्हणाला, "तिथं त्याला लागतं? दुखतं?"

"दुखतं."

"पण तो ओरडला नाही."

"त्याला ओरडता येत नाही, काका."

मिस्त्रीनं आपला उजवा तळहात उताणा केला आणि त्याकडे बघत बसला. घासताना तो मागचा पाय तिथेच रेटत होता.

डॉक्टरीण पुढे सांगत होती. जखम धुऊन उघडी ठेवली असती, रोज पट्टी बदलली असती, तर फार वेळ लागला असता, पण हाड बहुतेक जुळून आलं असतं. आता घाण आत राहिली होती आणि वरून झाकण बसलं होतं. आतून कुजत गेलं होतं. पुट्टी काढावीच लागणार होती. काढल्यावर खाली काय निघेल ते आता सांगता येत नव्हतं.

तिनं भुलीचं इंजेक्शन दिलं आणि लहान चक्रीनं काम सुरू केलं. पुट्टी सुटेना. मिस्त्रीचं काम कधी सुटत नसे. एकदा तिनं घाम पुसत विचारलं, "काका, हे सैल पडायला काही लावता येतं का?" तो म्हणाला, "येतं, पण ते त्याला चालणार नाही." त्या खोलीत त्याच्या उपयोगाचं एवढंच झालं. शेवटी तुकडा निघाला. वास आला तशी बायको पुढे सरकली आणि मिस्त्री मागे.

हाडाचा रंग गेला होता. बोट जाईल एवढा खड्डा होता.

"खोल गेलंय," डॉक्टरीण म्हणाली. "औषधं देऊ, धुऊ, ऊब देऊ. पण मी खोटी आशा लावणार नाही. फार हाल व्हायला लागले तर झोपवायचं इंजेक्शन असतं. तेही मनात असू द्या."

बायको कासवाच्या डोक्याशी वाकली होती. "नको," ती म्हणाली. "त्याला आजवर कशाची घाई नव्हती."

मग थंडी आली. मिस्त्रीनं फळ्यांची पेटी केली आणि रंग वाळवायचा तोच दिवा वर बांधला, आत कमी आचेचा बल्ब घालून, उंच. पेटीत तो दर थोड्या वेळानं आपलं मनगट ठेवून ऊब बघायचा. रोज सकाळी डॉक्टरणीनं दिलेल्या औषधानं जखम धुवायची असे. तो धरायचा, ती धुवायची. सकाळच्या वेळी शेडमध्ये गाडी ठोकणं बंद असे, कारण हादरे नकोत. गिऱ्हाइकं कुरकुरत दुसरीकडे गेली.

ती त्याला एका शब्दानंही बोलली नाही. तेच त्याला सोसवेना. "दादा, ह्यांना सांग, जरा कललेलं धरा." "दादा, ह्यांना सांग, कापूस संपत आलाय." वाक्यं जुनीच होती, पण त्यातलं हसू गेलं होतं. पूर्वी दोघांना जोडणारा मेहुणा आता दोघांच्या मध्ये ठेवलेल्या भिंतीसारखा झाला होता, आणि ती भिंतही रोज ढासळत होती.

एकदा न राहवून तो म्हणाला, "मला शिव्या घाल. पण बोल."

तिनं कापूस पिळला. "दादा, ह्यांना सांग," ती म्हणाली, "शिव्या घालून खड्डा भरत असता तर घातल्या असत्या."

लेकीनं फोनवर ऐकलं तेव्हा तिला वाईट वाटलं. ती म्हणाली, "आई, आमच्या ह्यांच्या ओळखीच्यांकडे लहान कासव आहे. आणून देऊ का?"

"भाऊ काय बाजारात मिळतो का गं?" बायकोनं विचारलं आणि फोन मिस्त्रीच्या हातात दिला.

एका दुपारी मेहुण्यांनी काकडी खाल्ली. चकतीचा कडेचा एक चावा, मग दुसरा. जबडा सावकाश हलत होता. दोघं पेटीच्या दोन बाजूंना श्वास रोखून बसली होती. तिसरा चावा घेतला तशी बायको हसली आणि नकळत तिनं मिस्त्रीचं मनगट धरलं. मिस्त्री धावत जाऊन सीटवाल्याला सांगून आला, "मेहुणे जेवले!" सीटवालाही हातातली सुई तशीच घेऊन बघायला आला. त्या दिवशी भाजीवाल्याकडून तिनं पिशवीभर काकड्या आणल्या.

त्या काकड्या दोघांनाच संपवाव्या लागल्या. मेहुणे पुन्हा जेवले नाहीत. डॉक्टरीण दर आठवड्याला बघायची, इंजेक्शन द्यायची, काहीबाही मोजायची. मग एकदा तिनं मोजायचं साहित्य बाहेरच काढलं नाही. दुखणं कमी करायचं औषध तेवढं वाढवलं आणि म्हणाली, "उन्हात बसवत जा. त्याला आवडतं ना?"

म्हणून सकाळी बायको त्याला मांडीवर घेऊन शेडच्या दारात बसायची. गुळगुळीत खवल्याच्या जागी आता कापूस होता. बाकीच्या पाठीवरून तिचा हात फिरत असे आणि कापसाशी आला की वळसा घालून पुढे जात असे.

अशाच एका सकाळी बराच वेळ झाला तरी ती उठेना. मिस्त्री चहा घेऊन गेला. ऊन तिच्या गुडघ्यांवरून उतरून जमिनीवर आलं होतं. मेहुण्यांचं डोकं बाहेर होतं, तिच्या मनगटावर टेकलेलं. एरवी हाताची सावली पडली तरी ते आत घेत. मिस्त्रीनं हात पुढे केला. डोकं तसंच राहिलं.

"दादा, ह्यांना सांग..." ती म्हणाली, आणि पुढचं वाक्य तिला सापडलं नाही. ती उन्हाकडे बघत राहिली.

शेडच्या मागे मिस्त्रीनं खड्डा केला. माती कडक होती. सीटवाल्यानं गाडीच्या सीटसाठी ठेवलेला मऊ कापडाचा तुकडा आणून दिला आणि कधी नव्हे तो एकही विनोद न करता परत गेला. पुरताना बायकोनं पाठीवरचा कापूस काढून घेतला. "आता उघडं राहू दे," ती म्हणाली. हे तिनं कुणाला सांगितलं ते मिस्त्रीला कळलं नाही.

दुपारी एक गिऱ्हाईक फाटकाशी येऊन उभं राहिलं. त्याची हिरवी गाडी आठवड्यापासून शेडमध्ये तयार होती आणि मिस्त्रीनं त्याला तीनदा परत पाठवलं होतं. आता परत पाठवायला कारण उरलं नव्हतं. मिस्त्री हात धुऊन गाडीकडे गेला. दार उघडलं. मग गुडघ्यावर हात ठेवून वाकला आणि गाडीखाली बघितलं. खाली सावली होती, तेलाचा एक डाग होता. तो सरळ झाला, गाडीत बसला, किल्लीला हात लावला आणि तसाच बसून राहिला. गिऱ्हाइकानं दोनदा घसा साफ केला. हात काही फिरेना.

पत्र्याचं दार जरा कुरकुरलं. बायको आली होती. पदर खोचून ती दारात उकिडवी बसली, मान तिरकी करून गाडीखाली या टोकापासून त्या टोकापर्यंत तिनं बघितलं. मग बोटांनी पत्र्यावर दोन थापा मारल्या.

मिस्त्रीनं गाडी मागे घेतली.

नातींना पहिले दात येत होते त्या हिवाळ्यात, थंडी सरता सरता, बुधवारी सकाळी मेहुणे गेले.